सात जणांची सरासरी

सदर इसमाचे नाव जोतीराम गेणबा बनकर. वय सन १९९५ मध्ये बेचाळीस. हुद्दा सहशिक्षक, विषय गणित, इयत्ता आठवी ते दहावी. राहणार बारामती. उंची मध्यम, अंगकाठी मध्यम, मिशी बारीक, चष्मा आहे. ओळखण्याची खूण : उजव्या हाताच्या दोन बोटांवर खडूचा पांढरा डाग, जो रविवारीही जात नाही. वर्तणूक समाधानकारक. व्यसन नाही, सुपारीसुद्धा नाही. पंचक्रोशीतील कबड्डी स्पर्धांचे वजन-पंच. संपूर्ण सेवाकाळात आकडेमोडीत चूक केल्याची कोठेही नोंद नाही.

यातलं सगळं खरं आहे. शेवटचं वाक्यसुद्धा. नोंद नाहीच.

बनकर सरांची शाळा बारामतीहून इंदापूरकडे जाणाऱ्या रस्त्याला होती आणि त्या शाळेत सर एकाच गोष्टीसाठी प्रसिद्ध होते. भूमिती ते शिकवत, पण कर्तव्य म्हणून. बीजगणित शिकवत, पण नोकरी म्हणून. जीव लावून शिकवत ते सरासरी. त्यातही साधी सरासरी नव्हे. सगळ्यांची बेरीज करून भागाकार करणं हे सरांच्या मते किराणा दुकानदाराचं काम होतं. सरांना आवडायची ती अर्धवट माहितीची गणितं. सगळ्यांची सरासरी माहीत आहे, काहींची माहीत आहे, तर उरलेल्यांची किती? अकरा जणांची सरासरी छत्तीस, पहिल्या सहांची चौतीस, शेवटच्या सहांची एकोणचाळीस, तर मधल्या सहाव्याचे किती? हे गणित घालून सर खिडकीशी जाऊन उभे राहत आणि बाहेरच्या उसाकडे बघत. मुलं वह्यांत डोकी घालत. मग सर मागे न वळता म्हणत, की सहावा माणूस दोन्ही पंक्तींना जेवून गेलाय, त्याला पकडा. बेचाळीस हे उत्तर एखाद्याला आलं, तर सरांचा दिवस चांगला जाई.

या प्रकरणात सरांचा नियम एकच होता. सरासरी हाताला लागली की आधी तिची बेरीज करून घ्यायची. पाच जणांची सरासरी त्रेपन्न म्हणजे पाच जणांचे मिळून दोनशे पासष्ट. मग पुढचं. दोन सरासऱ्या शेजारी मांडायच्या आणि दोननं भागून मोकळं व्हायचं, हे सरांच्या राज्यात पाप होतं. तसं करणाऱ्या मुलाला ते मारत नसत. खडू हातात देऊन फळ्याशी उभं करत, आणि त्याचं चुकलेलं उत्तर तास संपेपर्यंत त्याच्या डोक्यावर तसंच लिहिलेलं राही. सरांना हे मारण्यापेक्षा सौम्य वाटायचं. मुलांना काय वाटायचं, हे त्यांनी कधी विचारलं नव्हतं.

फळ्याशी सर्वांत जास्त वेळ उभा राहिलेला मुलगा म्हणजे कन्हेरीचा बिरदेव. त्याच्या घरची मेंढरं तो पाचवीत असताना विकली आणि घर कांद्याच्या शेतीला लागलं. बिरदेव सायकलवरून शाळेत यायचा. अंगानं काटक, पायानं चपळ. कबड्डीत चढाईला गेला की समोरच्या सात जणांच्या हातून पाण्यासारखा निसटायचा. सरासरीच्या गणितात मात्र तो पहिल्याच पावलाला सापडायचा. दोन सरासऱ्या दिसल्या की त्याला त्यांचा मध्य काढल्यावाचून चैन पडत नसे. एकदा सरांनी त्याला विचारलं, तू असं का करतोस? बिरदेव म्हणाला, "मधलं काढलं की दोघांवर बी अन्याव होत न्हाय, सर." वर्ग हसला. सरही हसले. दहावीला बिरदेव गणितात नापास झाला, फक्त गणितात, आणि मग त्यानं वह्या बांधून माळ्यावर टाकल्या.

आता कबड्डीबद्दल. इंदापूर तालुक्यातल्या एका गावी दर वर्षी जानेवारीत पंचावन्न किलो गटाच्या स्पर्धा भरत. गावाचं नाव देत नाही, कारण स्पर्धा समितीची माणसं अजून ठणठणीत आहेत. पूर्वी तिथं एकेक खेळाडू काट्यावर चढायचा. काटा समितीचे अध्यक्ष आबासाहेब यांचा, पोती मोजायचा. आबासाहेबांचा कांद्याचा व्यापार होता. एकेकाचं वजन करता करता दुपार व्हायची आणि पाव किलोवरून दोन गावं एकमेकांच्या अंगावर धावून जायची. शेवटी आबासाहेबांनी वैतागून अख्खा संघ एकदम काट्यावर उभा केला. काटा मोठा होता, सात जण त्यावर एकमेकांच्या कमरेला धरून मावत. सात गुणिले पंचावन्न म्हणजे तीनशे पंच्याऐंशी किलो, एवढं हिशेबानं ठरलं, आणि त्याच्या आत जो संघ बसेल तो खेळेल, असा नियम झाला. दहा मिनिटांत सगळं उरकलं.

त्या वर्षी बनकर सर गुणलेखक म्हणून गेले होते. त्यांना तो प्रकार बघवला नाही. समितीच्या बैठकीत ते उठून म्हणाले, की बेरीज पोत्यांची करतात, माणसांची सरासरी काढतात. संघाचं सरासरी वजन पंचावन्न, असा नियम करा. अर्थ तोच, पण काही इभ्रत राहील. समितीला ते फार पटलं. आपल्या गावात सरासरी निघते, ही गोष्ट आजवर कुणाच्या लक्षातच आली नव्हती. नियम बदलला आणि वजन-पंच म्हणून सरांनाच नेमलं. तेव्हापासून दर जानेवारीत सर काट्याशेजारी खुर्ची टाकून बसत, काटा थांबला की मनातल्या मनात भागाकार करून सरासरी पुकारत, आणि ती ध्वनिक्षेपकावरून साऱ्या गावाला ऐकू जाई. वजनाचा एकूण आकडा मात्र सर पुकारत नसत. तो पोत्यांचा होता.

नियमाचा परिणाम असा झाला, की प्रत्येक गावानं दोन दांडगे गडी पोसायला सुरुवात केली. कोपऱ्यात पकडीला दोन वजनदार माणसं आणि बाकी पाच चिवट काड्या. कन्हेरीकडे मानसिंग आणि म्हस्कू असे दोन होते. दोघं हंगामात उसाच्या ट्रॅक्टरवर असत. ते कोपऱ्यात उभे राहिले की समोरचा चढाईपटू मधल्या मध्ये खेळून परत जायचा. त्यांच्या आणि बिरदेवच्या जिवावर कन्हेरीनं ओळीनं दोन वर्षं ढाल जिंकली. तिसऱ्यांदा जिंकली तर ढाल कायमची त्यांच्या गावची, असा रिवाज होता. ती ठेवायला देवळात भिंतीतला कोनाडा रंगवून झाला होता.

त्या तिसऱ्या वर्षी जानेवारीत, स्पर्धेच्या सकाळी मैदानावर नेहमीचं दृश्य होतं. निरनिराळ्या गावचे तरुण आदल्या दुपारपासून उपाशी. कुणी उन्हात घोंगडी पांघरून घाम काढत बसलेला, कुणी वजन कमी व्हावं म्हणून थुंकत हिंडणारा. काट्यावरून उतरलं की लगेच केळी खायची, ही तिथली पद्धत. म्हणून प्रत्येक संघाचा एक माणूस केळ्यांचा घड घेऊन काट्यापाशीच उभा असायचा, आणि खेळाडूंचं लक्ष काट्यापेक्षा घडाकडे जास्त.

कन्हेरीचे पाचच जण आले होते. मानसिंग आणि म्हस्कूचा ट्रॅक्टर सोमेश्वरनगरला कारखान्याच्या रांगेत अडकला होता. ते ट्रॅक्टर दुसऱ्याच्या ताब्यात देऊन एसटीनं येत होते. बिरदेव कप्तान. त्यानं सरांपाशी येऊन विनवलं, की पाचांचं आता करून घ्या, दोघं आले की त्यांचं मागनं करू, पोरं उपाशी उभी ऱ्हात न्हाईत. मागणी रास्त होती. पाच जण काट्यावर चढले. दोनशे पासष्ट. सरांनी पुकारलं, सरासरी त्रेपन्न. पाचांनी खाली उतरून अख्खा घड संपवला आणि वर तांब्याभर पाणी प्याले. आता त्यांचं पुन्हा वजन करण्यात काही अर्थ उरला नव्हता.

नोंदणी बंद व्हायच्या बेतात मानसिंग आणि म्हस्कू धावत आले. अंगावर उसाच्या पाचटाची कुसळं, डोळे तारवटलेले. दोघं काट्यावर चढले. एकशे अठरा. सरांनी पुकारलं, सरासरी एकोणसाठ.

पुढचं सांगताना थोडं थांबावं लागतं, कारण पुढं काही घडलंच नाही. कुणी दमदाटी केली नाही, कुणी पैसे चारले नाहीत. आबासाहेबांनी ध्वनिक्षेपकाचा दांडा सरांच्या तोंडापुढं धरला होता. पाहुण्यांची जीप मैदानात शिरत होती. बॅण्डवाल्यांनी एकदम सुरुवात केली होती. सरांच्या डोक्यात दोन आकडे होते, त्रेपन्न आणि एकोणसाठ. एवढी वर्षं ज्याच्यासाठी मुलं फळ्याशी उभी केली, ते सरांनी तिथं केलं. दोघांच्या मधलं काढलं.

"कन्हेरी," सर म्हणाले, "सरासरी छप्पन. संघ बाद."

गावभर आवाज घुमला. मानसिंग काट्यावरून उतरून सरांच्या खुर्चीकडे यायला लागला. रात्रभर रांगेत जागून, उपाशी पोटी आलेला माणूस होता, त्याच्या मनात काही बरं नसावं. बिरदेव मधेच आडवा आला. तो इतका वेळ जमिनीवर उकिडवा बसून काटकीनं काही लिहीत होता.

"गप ऱ्हा, मानसिंग," तो म्हणाला. "मी बी काढून बघितलंय. छप्पनच येतंय."

आणि त्यानं सरांकडे पाहिलं. सरांना ती नजर तक्रारीची वाटली, म्हणून त्यांनी पुढच्या संघाला हाक मारली.

कन्हेरीची माणसं दुपारच्या जेवणाला थांबली, कारण जेवण सर्वांना होतं. मग टेंपोत बसून गेली. ढाल यजमान गावानं जिंकली. संध्याकाळी चोख कामगिरीबद्दल सरांना स्टेजवर टॉवेल, टोपी आणि नारळ मिळाला. आबासाहेब भाषणात म्हणाले, की कन्हेरीसारख्या तगड्या संघालाही सरांच्या आकड्यापुढं मान तुकवावी लागली. टाळ्या पडल्या. सरांनीही, इतर वाजवत होते म्हणून, दोन वाजवल्या.

सोमवारी नववीला सरासरीचं प्रकरण होतं. सर उत्साहात होते. ताजं उदाहरण हाताशी होतं, गावाचं नाव न घेता ते द्यावं असं त्यांच्या मनात आलं. फळ्यावर त्यांनी वळणदार अक्षरात लिहिलं : एका संघातील पाच खेळाडूंचे सरासरी वजन ५३ किलो व उरलेल्या दोघांचे ५९ किलो आहे, तर संघाचे सरासरी वजन किती? मग नेहमीप्रमाणे मुलांना नियम विचारला. मुलांनी एका सुरात सांगितलं, आधी बेरीज. हात सवयीनं चालत होता. पाच गुणिले त्रेपन्न, दोनशे पासष्ट. दोन गुणिले एकोणसाठ, एकशे अठरा. एकूण तीनशे त्र्याऐंशी.

तिथं हात थांबला.

तीनशे पंच्याऐंशीची मर्यादा सरांना भागाकार न करताही आठवत होती. पोत्यांचा तो आकडा होता, त्यांनी स्वतः रद्द करवलेला. कन्हेरीचा संघ आत होता. वर दोन किलोंची जागा शिल्लक होती, केळ्यांच्या आणखी एका घडाची. आबासाहेबांनी पहिला नियम ठेवला असता, तर पाचांत दोघं मिळवून कुणीही शाळा न शिकलेला हमाल सुद्धा बरोबर बोलला असता. चूक होण्यासाठी सरासरी लागली, आणि सरासरी सरांनी आणली होती.

पुढच्या बाकावरच्या प्राची नावाच्या मुलीनं भागाकार पुरा केला होता. ती म्हणाली, "सर, चौपन्न पॉइंट एकाहत्तर. पंचावन्नचा गट असला तर हा संघ बसतोय की."

सर म्हणाले, बरोबर. त्यांनी फळा पुसला. डस्टर टेबलावर होतं, पण फळा त्यांनी बाहीनं पुसला, आणि दिवसभर तो शर्ट तसाच घालून हिंडले. शिक्षकांच्या खोलीत कुणीतरी विचारलं, सर, आज फार शिकवलेलं दिसतंय.

त्यानंतर सरांचं जे चाललं होतं, त्याला बाहेरून काही नाव देता येत नसे. ते वेळेवर शाळेत जात, वेळेवर येत. स्टेजवर मिळालेला टॉवेल त्यांच्या पत्नीनं, मनिषाबाईंनी, मोरीच्या खुंटीवर टाकला, तर सर ओल्या तोंडानं उभे राहत आणि जुना टॉवेल मागत. नवा रंग सोडतो, असं सांगत. तो रंग सोडत नव्हता, हे मनिषाबाईंनी धुऊन पाहिलं होतं. एसटीत कन्हेरीचं कुणी दिसलं की सर पेपर उघडत. कुणी नमस्कार केला की त्यांना त्या नमस्काराचं ओझं व्हायचं. वर्गात एखाद्या मुलानं दोन सरासऱ्यांचा मध्य काढला, तर सर त्याला फळ्याशी उभं करत नसत. बस खाली, असं म्हणत. मुलांना वाटलं, सरांना मधुमेह झाला असावा.

एकदा धीर करून ते बारामतीच्या मार्केट यार्डात आबासाहेबांच्या गाळ्यावर गेले. तोच काटा तिथं होता, त्यावर कांद्याची पोती चढत उतरत होती. सरांनी सुरुवात केली, की जानेवारीतल्या त्या वजनाविषयी थोडं बोलायचं होतं. आबासाहेबांनी चहा मागवला. सर म्हणाले, कदाचित माझ्याकडून... आबासाहेबांनी हात वर केला.

"बनकर सर, ढाल कपाटात ठेवली. काच बसवली. आता तुमी म्हननार माझं चुकलं, आनि आमी म्हननार व्हय का. मग पोरांनी बघायचं कुनाकडं?"

त्यांना खरं काय ते समजलं होतं की समजून घ्यायचं नव्हतं, हे सरांना कळलं नाही. चहा चांगला होता. सर तो पिऊन परत आले. वाटेत त्यांना असं जाणवलं, की आबासाहेबांनी अडवलं तेव्हा आपल्याला जरा हलकंच वाटलं होतं. त्या हलकं वाटण्याची त्यांना मूळ चुकीपेक्षा जास्त लाज वाटली.

पावसाळा सुरू झाल्यावर बारामतीच्या स्टँडवर बिरदेव समोरून आला. सरांच्या हातात पेपर नव्हता. बिरदेवनं वाकून नमस्कार केला आणि एक बातमी दिली. ऑक्टोबरच्या परीक्षेचा फॉर्म भरला होता, फक्त गणिताचा. सरांनी विचारलं, एवढ्या वर्षांनी कसं काय? बिरदेव लाजला. नुसता लाजला नाही, खूश होऊन लाजला.

"सर, त्या दिवशी मी जिमिनीवर काढलं तर छप्पन. तुमी पुकारलं तर छप्पन. म्हनलं, माझं गणित सरांशी जुळलं. पयल्यांदा जुळलं." मग तो घाईनं म्हणाला, "संघ गेला त्याचं वाईट वाटलंच. पर म्हनलं, आता पेपर बी निघंल."

एसटी लागली. बिरदेव खिडकीतून हात हलवत गेला. मैदानावरची ती नजर कशाची होती, हे सरांना आता कळलं.

आता सरांपुढं दोनच वाटा होत्या. गप्प राहिलं तर हा मुलगा तेच चुकीचं गणित घेऊन परीक्षेला बसणार, आणि सरासरीचं गणित पेपरात आलं की तिथंच आडवा होणार. सांगायचं, तर ज्या एका बरोबर उत्तरावर तो माळ्यावरच्या वह्या खाली काढून बसला, ते उत्तर चूक होतं असं सांगायचं. ढाल गेली ती गेलीच. आता हेही काढून घ्यायचं. सरांनी अनेक रविवार या विचारात घालवले आणि मग एका रविवारी सायकल काढून कन्हेरीला गेले.

बिरदेवची आई द्वारकाबाई दारातच कांद्याची पात निवडत होती. तिनं गडबडीनं सतरंजी टाकली आणि ताकाचा तांब्या पुढं ठेवला.

"गुर्जी, सरळ ह्याला घेऊन बसा. आता येतंय म्हनं त्याला, तुमच्यावानी. समद्या वस्तीला मी सांगितलंय."

सरांनी ताक अर्धंच पिऊन तांब्या खाली ठेवला.

अंगणात बाभळीखाली दोघं बसले. स्पर्धेचं नाव न काढता, दुसरेच आकडे घेऊन शिकवायचं, असं सर ठरवून आले होते. त्यांनी रस्ताभर निरनिराळ्या संख्या आठवून पाहिल्या होत्या. पण तोंड उघडलं तर पाच आणि दोनच बाहेर पडले. एका घरात सात माणसं जेवायला बसली, सर म्हणाले. पाच जण सरासरी दोन-दोन भाकरी खातात. दोघं सरासरी नऊ-नऊ. तर घराची सरासरी किती?

बिरदेवनं लगेच सांगितलं, साडेपाच. नेहमीसारखं फळ्याशी उभं करण्याऐवजी त्यांनी विचारलं, साडेपाचच्या हिशेबानं सात जणांना किती भाकरी लागतील?

"साडेअडतीस."

"आणि आईनं थापल्या किती? मोजून सांग."

बिरदेवनं बोटांवर मोजलं. पाच दुणे दहा. नऊ दुणे अठरा. अठ्ठावीस.

"मग वरच्या साडेदहा भाकरी कुणी खाल्ल्या?"

"मानसिंगनं," बिरदेव म्हणाला आणि हसला. सरही हसणार होते. पण बिरदेवचं हसणं अर्ध्यावर विझलं. अठ्ठावीस भागिले सात त्याच्या डोक्यात झालं असावं. तो सरांकडे न बघता काटकी घेऊन जमिनीवर वाकला. सरांना उलटं दिसत होतं, तरी वाचता आलं. त्रेपन्न गुणिले पाच. एकोणसाठ गुणिले दोन. दोन्ही आकडे त्याला पाठ होते. एवढे महिने ते त्याच्या अभिमानाचे होते. बेरीज खाली आली. भागाकार करायची त्यालाही गरज पडली नाही. तीनशे पंच्याऐंशी हा आकडा जुन्या खेळाडूंना माहीत होता.

द्वारकाबाईनं दारातून विचारलं, जमतंय का. बिरदेव म्हणाला, जमतंय. त्यानं पायानं माती सारखी केली. मग तो हळूच म्हणाला, "सर, काटा कांद्याचा व्हता. दोन-चार किलो इकडंतिकडं व्हतंच."

ही वाट मोकळी होती, आणि ती त्या मुलानं स्वतः करून दिली होती. सरांना नुसतं हं म्हणून पुढच्या उदाहरणाकडे जाता आलं असतं. आबासाहेबांच्या गाळ्यावर सर तेच करून आले होते. सरांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. सदर इसमाने आयुष्यात सांगितलेल्या उत्तरांपैकी सर्वांत अवघड उत्तर चार शब्दांचं निघालं.

"काटा बरोबर होता, बिरदेव."

बिरदेवनं मान हलवली. व्हय, म्हणाला. त्याच्या आवाजात राग नव्हता, आणि असता तर सरांना बरं वाटलं असतं. थोड्या वेळानं त्यानं दाराकडे नजर टाकली आणि आवाज आणखी खाली आणला.

"आईला सांगू नका सर. मानसिंगला बी. मी त्याला गप केलं व्हतं." सरांनी तसा शब्द दिला. मग काटकी सरांकडे सरकवत तो म्हणाला, "आजून एक घाला. जरा मोठं घाला."

सरांनी घातलं. दिवस कलेपर्यंत ते घालत राहिले. पाचांचे आणि दोघांचे, अकरांचे आणि सहांचे, दोन्ही पंक्तींना जेवणारे. एकदाही त्यांनी तू असं का करतोस, असं विचारलं नाही. निघताना द्वारकाबाईनं सायकलच्या पिशवीत कांद्याची पात कोंबली आणि म्हणाली, आता हा पास झाला म्हंजे तुमचंच नाव. सरांना ते नाव कुठं ठेवावं कळेना. पात त्यांनी घरी आणली, मनिषाबाईंनी तिची भाजी केली, आणि सरांनी ती खाल्ली, कारण टाकून देणं बरं दिसलं नसतं.

ऑक्टोबरमध्ये बिरदेव पास झाला. पुढच्या जानेवारीत सरांनी समितीला सुचवलं, की सरासरीचा नियम रद्द करून पूर्वीसारखी बेरीज ठेवावी. तीच खरी सोपी आणि बिनचूक. समितीनं एकमतानं नकार दिला. पोत्यांचा हिशेब माणसांना लावायचा नाही, हे बनकर सरांचंच वाक्य त्यांना ऐकवण्यात आलं. सर वजन-पंच राहिले नाहीत, पाठीचं दुखणं सांगून सुटले. कन्हेरीनं पुन्हा ढाल जिंकली नाही. मानसिंग कारखान्यावरच कायम झाला, म्हस्कूचं लग्न झालं, आणि देवळातल्या रंगवलेल्या कोनाड्यात कुणीतरी घासलेटची बाटली ठेवू लागलं. सरांनी कन्हेरीच्या बाकीच्यांना सांगायचं म्हणून दोनदा सायकल काढली. दोन्ही वेळा बिरदेवला दिलेला शब्द आठवून परत आत ठेवली. शब्द आठवतो की सोय आठवते, हे त्यांनी स्वतःला विचारलं होतं, आणि उत्तर काढलं नव्हतं.

१९९८ साली समितीनं जुन्या पंचांचा सत्कार केला. स्टेजवर बिरदेव यजमानांच्या आग्रहावरून सरांचा विद्यार्थी म्हणून हार घालायला आला. त्यानं हार घातला, वाकून नमस्कार केला आणि बाजूला उभा राहिला. मग आबासाहेबांनी चौकटीतलं मानपत्र वाचून दाखवलं. त्यात लिहिलं होतं, की श्री. जोतीराम गेणबा बनकर हे पंचक्रोशीचे भूषण असून निःपक्षपणा, काटेकोरपणा व अचूकता या गुणांबद्दल त्यांचा लौकिक आहे, आणि त्यांच्या कारकिर्दीत एकाही संघावर एका ग्रॅमचाही अन्याय झालेला नाही.

कन्हेरीच्या सात जणांचं वजन तीनशे त्र्याऐंशी किलो होतं.